कशीबशी झोपली

मित्रांनो, मी एक जुना पेनड्राइव्ह. टोपण केव्हाच हरवलं, आणि कडेला जे बारीक खड्डे दिसताहेत ते चिंगीच्या पहिल्या दातांचे. चिंगी म्हणजे माझ्या मालकिणीची लेक.

कारखान्यातून निघालो तेव्हा माझ्यात काहीच नव्हतं. दुकानाच्या खुंटीवर वर्षभर नुसता लटकलो. मग मालकिणीनं मला घरी आणलं आणि माझ्या पोटात चित्रं काढायचं एक सॉफ्टवेअर भरलं. ते संगणकात बसवावं लागत नाही. मला खोचलं की माझ्यातूनच चालू होतं. त्यात काढलेलं चित्र ठिपक्यांचं नसतं, रेषांचं आणि मापांचं असतं. म्हणून ते नखाएवढं करा नाहीतर भिंतीएवढं, कडा धुरकट होत नाहीत.

मालकिणीकडे स्वतःचा संगणक नव्हता. कधी वाचनालयातला, कधी नणंदेच्या घरचा, मिळेल तो आपला. चित्राची एक प्रत ती माझ्यात ठेवी आणि एक क्लाउडवर, म्हणजे इंटरनेटवरून कुठूनही उघडता येईल अशा दूरच्या जागेत. फायलींची नावं मात्र जगावेगळी. चिंगी झोपलेली असताना काम पुरं झालं, तर ‘झोपली’. मध्येच जागी होऊन तिनं भोकाड पसरलं, तर अर्धवट फायलीचं नाव ‘उठली’.

एकदा मुलांच्या दवाखान्यानं तिला भिंतभर चित्र सांगितलं. जमिनीपासून छतापर्यंत जिराफ! तिचं पहिलंच मोठं काम. पण ठरल्या दिवशी दुपारपर्यंत ते छापून लागलं नाही, तर रंगारी भिंतीला पांढरा हात मारून मोकळा होणार होता.

त्या सकाळी आम्ही छापखान्यात पोचलो.

"ताई, असली फाईल आमच्याकडे उघडत नाही," छापणारे काका म्हणाले. "आणि मालकांच्या संगणकात नवीन काही टाकायचं नाही."

"टाकायचं काहीच नाही, काका. सगळं याच्या पोटात आहे."

तिनं मला खोचलं. मी जीव एकवटला, आणि जिराफ पडद्यावर उभा राहिला! काकांनी चष्मा कपाळावर सरकवला.

"ताई, याला तीनच पाय?"

"अगंबाई! तेव्हा उठली होती!"

"कोण, जिराफीण?"

"माझी मुलगी हो!"

मी खजील झालो. चौथा पाय काल नणंदेकडे काढला होता. पण "वहिनी, घे गं हिला, माझ्या हाताचा पार पाळणा झाला," अशी हाक आली, आणि घाईत प्रत फक्त क्लाउडवर गेली. माझ्यात ठेवायची राहूनच गेली.

मालकिणीनं तिथंच क्लाउड उघडलं. काका यादी वाचू लागले. "‘झोपली’, ‘उठली’, ‘परत झोपली’, ‘परत उठली’, ‘कशीबशी झोपली’..."

"हां, तीच! कशीबशी झोपली!"

चित्र आलं क्लाउडवरून आणि उघडलं माझ्यातल्या सॉफ्टवेअरमध्ये. चारही पाय जागच्या जागी! यंत्र घरघरू लागलं आणि कागदावर आधी शिंगं उतरली, मग मान, मग मान, मग आणखी मान.

"संपते की नाही ही?" काका हसत म्हणाले.

दुपारी रंगारी आला तेव्हा जिराफ भिंतीवर विराजमान झाला होता. पापणीचा केस न् केस कसा कोरून काढल्यासारखा. रंगाऱ्यानं डब्याचं झाकण उघडलंच नाही. "छ्या! या भिंतीला हात लावायची आपली टाप नाही," म्हणाला.

नर्सबाईंनी विचारलं, "मग पलीकडच्या खोलीला काय काढताय?"

मालकिणीनं क्षणभरही विचार केला नाही. "देवमासा. या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत!"

मित्रांनो, तुम्हीही जीव लावून काही केलंत, तर ते एकाच जागी ठेवून निर्धास्त होऊ नका. मी जपणारा आहे, पण हरवणाराही आहे. आणि काम चालू असताना मला हिसकून उपसू नका, एवढी मात्र दया करा.

देवमाशाची शेपटी कालच पुरी झाली. ती माझ्यातही आहे, आणि क्लाउडवरही.