बुटात उगवलेलं

आमच्या ह्यांचा दलदलीतला शेवटचा दिवस, आणि हे बूट काढायला तयार नाहीत!

चाळीस वर्षं ह्यांनी हे संरक्षित पाणथळ राखलं. उन्हाळाभर दलदल, थंडीभर बर्फ उपसणं. समुद्राकाठच्या माझ्या माहेरी जोडीनं एकदाही जाणं झालं नाही. आज दोनची बस पकडायची ठरली होती. मी बाराला भाताचे गोळे बांधून पोचले, तर स्वारी लाकडी पायवाटेवर बसलेली. उजव्या बुटाच्या फाटक्या टोकात शेवाळ साचलेलं, त्यात दवबिंदू नावाच्या किडेखाऊ वनस्पतीचं इवलंसं रोप. त्याच्या लाल, चिकट केसांत एक चिलट अडकलेलं.

"उपटा आणि चला," मी म्हटलं.

"फुसाए!" माझं नाव घेऊन हे कडाडले. "कलम एक. इथलं रोप उपटायचं नाही, हद्दीबाहेर न्यायचं नाही."

"मग बूट इथंच ठेवा."

"कलम तीन. माणसाची वस्तू मागं ठेवायची नाही. पाय आत आहे तोवर बूट. पाय काढला की कचरा."

"आणि ही कलमं लिहिली कोणी?"

"मी," हे म्हणाले, तेही छाती फुगवून!

ह्यांच्या जागी आलेल्या पन्नाशीच्या नागुमोबाईंनी नियमांची वही तीनदा चाळली. "वहिनी, साहेबांचं बरोबर आहे. फार तर साहेबांची नोंद मी ह्या रोपाचा अधिवास म्हणून करते." आणि खरंच ह्यांच्या गळ्यात पाटी अडकवली, 'हात लावू नये'. डोंबल! हात लावायला हे घरी कधी सापडले होते?

एक वाजून गेला. मला रडूच कोसळलं. मग डोकं फिरलं. तरातरा पार्किंगमध्ये गेले, डँडेलियन नावाचं एक विलायती तण फुलासकट, मुळासकट उपटलं आणि आणून ह्यांच्या शेजारी फळ्यांच्या फटीत खोचलं.

ह्यांचा हात आपसूक गेला. उपटून झाल्यावर स्वतःच्याच मुठीकडे बघत बसले.

"कलम नऊ," मी म्हटलं. जेवताना रोज ऐकून पाठ झालीत मला. "परकं तण ज्यानं उपटलं त्यानंच, ताबडतोब, हद्दीबाहेर न्यायचं."

"तू मुद्दाम केलंस."

"केलं! मग?"

ह्यांनी बूट दोन्ही हातांनी धरला. हळूच पाय बाहेर काढला.

"कचरा झाला गं," हे पुटपुटले.

"छे हो साहेब!" नागुमोबाईंनी आपला बूट काढून पाय ह्यांच्या बुटात घातला, पाटीही मागून घेतली. "जरा सैल आहे, चालेल. रविवारी आमचे हे येऊन पाय घालतील."

बस अगदी सुटता सुटता मिळाली. हे एका पायात नुसता मोजा घालून खिडकीशी बसले, मूठ घट्ट.

"टाका ना ते आता."

"कुठं टाकू? सगळीकडे काही ना काही उगवतंच."

मी मूठ सोडवली. एवढ्या संसारात ह्यांनी मला एक फूल तोडून दिलं नव्हतं. न तोडणं हीच तर ह्यांची नोकरी. हेही माझं मीच आणलेलं. तरी केसांत खोचलं.

"बिया गळतील," हे म्हणाले.

पण ह्या वेळी हात पुढं आला नाही.