दोन्ही बाजू खरखरीत

शिवणकामात माझी चूक काढणारा अजून जन्माला यायचाय, असं मी त्या शनिवारी दुपारी दोनपर्यंत म्हणत होते. दोन वाजून पाच मिनिटांनी माझी वाचा बसली.

माझी भाची नेटबॉल खेळते. लीग राष्ट्रीय आहे, पण त्यावर पोट भरत नाही. संघातली एक नर्स आहे, एक व्हॅन चालवते, आमची ही चष्म्याच्या दुकानात काचा घासते, आणि संध्याकाळी सगळ्या सरावाला. या खेळात प्रत्येकीच्या छातीवर आणि पाठीवर तिच्या जागेचं अक्षर लागतं. कोणी कोर्टवर कुठवर जायचं, गोल कोणी टाकायचा, हे त्यावरून ठरतं, म्हणून अक्षराशिवाय आत पाऊल टाकता येत नाही. ती अक्षरं वेल्क्रोनं चिकटतात. खेळाडू बदलली की एकीचं फर्रकन काढायचं आणि दुसरीला लावायचं. सात जणी, चौदा तुकडे. प्रशिक्षकबाई दर सामन्यानंतर ते स्वतः मोजून पिशवीत भरतात. एकदा एका तुकड्यासाठी त्यांनी अर्ध्या रस्त्यातून बस माघारी फिरवली होती.

मोसमाच्या शेवटच्या सामन्यासाठी प्रत्येकीच्या मापाचे बारा नवे ड्रेस शिवायचे होते. ते काम भाचीनं मला मिळवून दिलं. म्हणाली, "मावशी, एक जुना ड्रेस नमुन्याला ठेव."

"अगं, तीस वर्षं मशीन चालवतेय मी! वेल्क्रो लावायला नमुना कशाला? उद्या मला सुईत दोरा ओवायला शिकवशील."

मग जुने ड्रेस संघानं एका शाळेला देऊन टाकले.

तर वेल्क्रोची एक बाजू खरखरीत असते आणि एक मऊ. अक्षरांच्या मागे खरखरीत होती. मी ड्रेसवरही खरखरीतच शिवून ठेवली होती. बारा ड्रेस, चोवीस जागा, दुहेरी शिलाई, पन्नास वर्षं हलायची नाही अशी. कपडे बदलायच्या खोलीत मुली अक्षरं छातीवर दाबत होत्या आणि ती टपाटप खाली पडत होती. अतिशहाणा त्याचा बैल रिकामा, दुसरं काय!

पंचबाईंना बोलावलं. टाचण्या चालणार नाहीत, म्हणाल्या, कुणाला तरी टोचतील. चिकटपट्टी घामानं सुटेल. "शिवून टाका," त्या म्हणाल्या, "पण सुया मोजून आणायच्या आणि मोजून परत न्यायच्या." माझ्या पर्समध्ये तीन होत्या. मुली साध्या टी-शर्टात अंग मोकळं करायला गेल्या आणि मी बाकावर बसून चौदा तुकडे कच्च्या टाक्यांनी ड्रेसवर बसवले. अर्ध्या तासात. बोटांची चाळण झाली.

प्रशिक्षकबाई म्हणाल्या, "हे सात शिवलेत ना, आज हेच सात खेळतील. बदल नाही."

भाची त्या सातांत नव्हती.

दोन वर्षांपूर्वी तिचा गुडघा गेला होता. ऑपरेशन झालं, मग काठी, मग जिन्याची एकेक पायरी. डॉक्टरांनी खेळायला परवानगी दिली ती अवघ्या तीन आठवड्यांपूर्वी, आणि पुढच्या मोसमाची यादी सोमवारी लागणार होती. बाईंनी तिला स्पष्ट सांगितलं होतं, "शेवटच्या सामन्यात थोडा वेळ उतरवते. डोळ्यांनी बघितल्याशिवाय मी कुणाला घेत नाही." म्हणजे पोरीकडे एवढा एकच दिवस होता, आणि तो मी दुहेरी शिलाई मारून बंद केला होता.

त्यात एक जुनं दुखणं. तिचा गुडघा गेला तेव्हा दवाखान्यात मी तिला म्हटलं होतं, "बरं झालं एका अर्थी, त्या चेंडूच्या नादातून सुटलीस." मला कुणी विचारलं होतं का? पण जिभेला हाड असतं तर! तिनं भिंतीकडे तोंड फिरवलं होतं. ती ते विसरली नव्हती आणि मीही विसरले नव्हते.

आता ती बाकावर कोऱ्या छातीनं बसली होती. माझ्याकडे न बघता बुटाच्या नाड्या सोडून पुन्हा बांधत होती. चार शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

मध्यंतरात मी बाईंकडे गेले. "मी करून देते की बदल. दोन मिनिटांचं काम आहे."

"आज तुमचं ऐकून झालंय माझं," त्या म्हणाल्या.

चुकीचं काय बोलल्या? मी परत येऊन बसले.

चारपैकी तिसरा भाग संपला तेव्हा आम्ही सहा गोलांनी मागे होतो. गोल टाकणाऱ्या दोघींपैकी एकीच्या पोटऱ्यांत गोळे येत होते, तिला धड उभं राहता येईना. बाईंनी फलकाकडे बघितलं, मग भाचीकडे, मग नाइलाजानं माझ्याकडे.

"चार मिनिटांची सुट्टी आहे. होईल?"

"बोलत बसलात तर नाही होणार!"

मी त्या मुलीचे टाके कात्रीनं कटाकट उडवले. भाची माझ्यासमोर येऊन उभी राहिली. पाठीचा तुकडा नर्सनं माझ्या हातातून ओढून घेतला. "द्या इकडे. मी माणसं शिवलीयत, हे काय घेऊन बसलात!" पंचबाई बाजूला उभ्या राहून सुया मोजत होत्या.

मी छातीवरचं अक्षर शिवत होते. बोटांखाली पोरीचं काळीज धडधडत होतं, ते मला कळत होतं.

"गुडघा बरा आहे ना गं?"

"गुडघ्याचं मी बघते. तू टाक्याचं बघ. घट्ट घाल, सुटलं तर बाहेर काढतील."

"त्या दिवशी दवाखान्यात मी जे बोलले ना, ते चुकलं माझं."

"आत्ता? मावशी, दोरा तोड!"

दातांनीच तोडला. सुया तीन भरल्या, आणि शिट्टी वाजली.

त्यानंतरची पंधरा मिनिटं मी चेंडूकडे बघितलंच नाही. मी फक्त तिच्या डाव्या गुडघ्याकडे बघत होते. पहिल्यांदा उडी मारून ती त्याच पायावर उतरली तेव्हा मी शेजारच्या बाईचा हात एवढा आवळला की ती ओरडली. पोर उभी होती. परत उडाली, परत उतरली, वळली, पळाली. बारा वेळा तिनं चेंडू टाकला, अकरा वेळा तो जाळीतून खाली आला. हे मला नंतर कुणीतरी सांगितलं.

सामना आम्ही एका गोलानं हरलो. खरं सांगू? मला काडीचंही वाईट वाटलं नाही. ती स्वतःच्या पायांनी चालत बाहेर आली आणि माझा जीव भांड्यात पडला.

आत गेल्यावर वेगळाच घोळ. भाची ड्रेस डोक्यावरून काढायला गेली तर आतली घट्ट बनियनही बरोबर यायला लागली आणि ती मध्येच अडकली. घाईत मी अक्षर ड्रेससकट बनियनलाही शिवून टाकलं होतं! पाठीचा तुकडा मात्र सहज निघाला, नर्सचा टाका तो. मुली हसून हसून लोळायच्या बाकी होत्या.

प्रशिक्षकबाई पिशवी घेऊन मोजत होत्या. "अकरा, बारा, तेरा. चौदावा कुठाय?"

मी कात्री घेऊन धावले. "इथं आहे, हिच्या अंगावर. आत्ता उसवते, बाई, एक मिनिट."

त्यांनी त्या गुंत्याकडे बघितलं आणि पिशवीची चेन लावून टाकली.

"राहू दे. पुढच्या मोसमात पहिल्या सरावाला येताना घेऊन यायला सांगा तिला."

ड्रेसच्या आतली धडपड थांबली. आतून आवाज आला, "मावशी, काय म्हणाल्या त्या?"

नर्सनंच सांगितलं, "घेतलं गं तुला!" आणि आतून हसण्याचा की रडण्याचा, कसलातरी आवाज यायला लागला.

"हलू नकोस," मी म्हटलं, "कात्री आहे हातात."