वेस्ताच्या ढोलाचा जाळ

हे कोणी खरं मानणार नाही, पण वेस्ताच्या ढोलानं चर्चची घंटा कोणी दोरी न ओढता वाजली होती.

वेस्ता आमच्या पाड्यावरचा ढोलवाला. त्याचा ढोल एवढा मोठा की एका पावसाळ्यात त्यात शेळी व्याली, तीही दोन करडांना. दुसऱ्या लढाईच्या आधी कधीतरी त्यानं बाप्तिस्मा घेतला. जुने देव सोडले, मोहाची दारू सोडली, ढोल सोडवेना. कापणीच्या सणाला नव्या ज्वारीची कणसं चर्चमध्ये वाहायची असतात. ती आपलाच ढोल वाजवत आत न्यायची, हे त्यानं पेरणीपासून मनात धरलेलं.

सणाच्या सकाळी दव फार होतं. दवानं कातडं सैल पडतं, म्हणून ढोल जाळापुढं तापवावा लागतो. त्या वेळी आमच्यात कोणी बोलत नाही. कातडं कधी ताणलं गेलं, ते कानानं ओळखायचं. तेवढ्यात नवे पाद्रीसाहेब आले. पाहतात तर पेटलेला जाळ, पुढं ढोल, भोवती माणसं गप्प. त्यांना वाटलं, ही जुनी पूजाच. ढोल चर्चच्या कुंपणाबाहेर ठेवा, आत फक्त पेटी वाजेल, म्हणाले.

वेस्ता वाद घालणारा नव्हे. ढोल घेऊन चिंचेखाली जाऊन बसला. त्याची बायको चमेलीबाई कणसांची टोपली डोक्यावर घेऊन तशीच उभी राहिली. मग आत कोणीच जाईना.

इकडे आत साहेबांच्या मडमबाईंनी पेटी उघडली, तर दवानं तिचाही घसा बसलेला. भाता हलवला की दमेकऱ्यासारखी नुसती धाप. त्यांनी शेगडी आणून पेटीपुढं ठेवली, आणि नवराबायको दोघंही सूर फुटायची वाट पाहत गप्प बसले.

वेस्ता दारात आला. पागोटं काढून आदबीनं म्हणाला, "सायेब, तुम्ही बी पेटीनी पूजा करतस का?"

साहेबांनी शेगडीकडं पाहिलं, मग बाहेरच्या जाळाकडं. कानापर्यंत लाल झाले. आणि उठून स्वतःच ढोल उचलायला निघाले. ढोल काही हलला नाही. तेव्हा त्यांनी चमेलीबाईच्या डोक्यावरची टोपली आपल्या डोक्यावर घेतली आणि पुढं चालू लागले. मागोमाग वेस्तानं ढोल गळ्यात अडकवला.

पहिल्या टोल्याला घंटा वाजली. दुसऱ्याला तिकडं फैजपुरात केळीचे घड झाडावरच पिवळे झाले. तिसऱ्याला अमळनेरला आगगाडी थांबली. ड्रायव्हरला वाटलं, समोरून दुसरी येतेय. आणि वेस्ताच्या शेजारी, त्याच्या तालावर काशाची थाळी वाजवत, मी.

परवा ओट्यावर हे सांगत होतो. घंटा, केळी, आगगाडी, सगळ्यांनी मुकाट्यानं ऐकून घेतलं. वेस्ता जाऊन आता बरीच वर्षं झाली. चमेलीबाई डाळ निवडत होती. तिनं सूप खाली ठेवलं.

"नाना, ढोलनं सगळं खरं शे. पन थाळी मी वाजाडी व्हती. तुम्ही ते खिचडीना हंडापाशी बसेल व्हतात."