शब्दाचं दूध

हेंद्रेपाड्यात दर गुरुवारी मांडवाबाहेर चपलांचा ढीग पडायचा आणि आत माणसं एकमेकांच्या घामात भिजून बसायची. समोर पाटावर नितळ पाण्याचे पेले आणि वेळूची एक पोकळ नळी. एकेकाने पुढे जायचं, नळीचं टोक पाण्यात बुडवून तिच्यातून आपलं दुःख सांगायचं. "गुडघा, गुडघा, गुडघा." बघता बघता पाणी पांढरं व्हायचं. पाटामागे बसलेल्या बाबांचा धिप्पाड शिष्य नाथा चटकन पेला बाजूला घ्यायचा आणि पुकारायचा, "शब्दाचं दूध झालं." मग ज्याचं दूध त्याने प्यायचं. पेले निरनिराळे, नळी मात्र एकच. नाथा ती कळकट उपरण्याला पुसून पुढच्याच्या तोंडात द्यायचा.

किसन मास्तरांनी ते बघून तोंड फिरवलं. अंबरनाथच्या शाळेत विज्ञान शिकवण्यात त्यांचा जन्म गेला होता, पण वर्गाबाहेर चार माणसांत बोलायची वेळ आली की ते मागच्या रांगेत सरकायचे. आज धाकट्या बहिणीसाठी, सगुणासाठी, यावंच लागलं होतं.

सगुणाच्या मुलीला, आठ वर्षांच्या वेणूला, फेफरं यायचं. गोळ्यांनी ते वर्षभर थांबलं होतं. पण घरात अभद्र बोलू नये, वास्तू तथास्तु म्हणते, हे सगुणाच्या हाडीमाशी मुरलेलं. त्या आजाराला ती नुसतं 'ते' म्हणायची. पोरीच्या शाळेतही तिने सांगितलं नव्हतं. बाबांनी नेमकी हीच नस पकडली.

"माउली, गोळी म्हणजे काय? रोगाला रोज घातलेली साद," ते म्हणाले होते. "साद घातलीस की तो येणारच. आम्ही वाणीलोकातून आलोय. तिथं शेत नाही, चूल नाही, दवाखाना नाही. भाकर म्हटलं की ताटात भाकर."

आजही हीच टकळी चालू होती. मागून ठमाबाई नावाची म्हातारी म्हणाली, "मग आमच्या नळाला तेवढं 'पाणी' म्हणा ना, बाबा. सुकून पडलाय."

"जिथं शंका, तिथं शब्द आटतो," बाबांनी डोळे मिटले. चारपाच जणांनी ठमाबाईला गप्प केलं.

वेणू मामाच्या शेजारी बसली होती. गोळ्या बंद झाल्यावर ती शाळेच्या पायरीवर पडली आणि समोरचा दात अर्धा तुटला. शाळेतल्या बाईंना काहीच ठाऊक नसल्याने त्यांनी तिच्या नाकाला कांदा लावला. वर हे दूध पिऊन ओठांचे कोपरे सोलवटलेले. "जिभेला झोंबतं, मामा," असं ती मागच्या आठवड्यात म्हणाली, तेव्हाच मास्तरांना संशय आला होता.

"दादा, आलायस तर नुसता बघ," सगुणा कुजबुजली. "बाबांनी सांगितलेले अजून थोडे गुरुवार राहिलेत."

"आणि तोवर ही रस्त्यात पडली तर?"

"असं बोलू नकोस रे."

मास्तर उठले. पाय लटपटत होते. नाथाने नळी पुढे केली. त्यांनी मान हलवली आणि पिशवीतून पपईच्या पानाचा पोकळ देठ काढला. तो पेल्यात बुडवून ते फुंकू लागले. पाणी पांढरं झालं.

"बघा," बाबा म्हणाले, "केवढं धारदार दुःख. काय बोललास, बाळा?"

"काही नाही. नुसता श्वास सोडला."

"मनात बोललास."

"मनात सातचा पाढा म्हणत होतो."

मांडवात खसखस पिकली. "म्हणजे माझं गुडघा गुडघा फुकट गेलं म्हणायचं," ठमाबाई म्हणाली. नाथा पेला घ्यायला झेपावला, तर तिने त्याचं मनगट धरलं. "राहू दे की जरा. का घाई?"

मास्तर फुंकतच राहिले. त्यांना धाप लागली, पण हळूहळू दूध विरळ होत गेलं आणि पेल्यात पुन्हा नितळ पाणी दिसू लागलं.

"अविश्वासाने दूध परत गेलं," बाबा म्हणाले.

"परत कुठं जातंय? ही चुन्याची निवळी आहे," मास्तर म्हणाले. आवाज चिरकला, तरी ते थांबले नाहीत. "पानाला लावता, तोंड पोळतं तोच चुना. पाण्यात कालवायचा, खाली बसू द्यायचा, वरचं पाणी ओतून घ्यायचं. आपल्या उच्छ्वासात कार्बन डायऑक्साइड असतो, त्याने ते पांढरं होतं. फुंकत राहिलं की पुन्हा निवळतं. म्हणून हे पेला लगेच उचलतात. बाबा, तुम्ही वाणीलोकातले ना? मग नळी न घालता, लांबून बोला. होऊ द्या दूध."

बाबांना एकाएकी ध्यानाची वेळ आठवली.

मास्तरांनी पिशवीतून बाटली काढून स्वच्छ पेल्यात निवळी ओतली. "ही मी शाळेत केलीय. सगुणा, तू फुंक. तोंडातून शब्द काढू नकोस."

सगुणाने फुंकलं. पाणी पांढरं झालं. ती पेल्याकडे बघत राहिली, मग पोरीच्या सोललेल्या ओठांकडे. ती बाजूला जाऊन थुंकली, तिने वेणूचा हात धरला आणि मागे न बघता निघाली.

मांडव काही रिकामा झाला नाही. दोघेतिघे मास्तरांवर डाफरले. एकाने तर तीच ओली नळी उचलून तोंडात घातली.

दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं, "काय होतंय मुलीला?"

सगुणा म्हणाली, "फेफरं येतं. गोळ्या मीच बंद केल्या होत्या."

डॉक्टरांनी तिला चांगलं खडसावलं, गोळ्या पुन्हा सुरू केल्या आणि शाळेत सगळं सांगून ठेवायला बजावलं. वेणूचा तुटका दात मात्र आता तसाच राहणार.

शब्दाने माणसाला धीर येतो, दुखावलेलं मन सावरतं. रोग शब्दाला भीत नाही. औषध थांबवा असं कुणी सांगितलं, मग तो कितीही गोड बोलो, त्याला एवढंच विचारा: कशावरून? त्यासाठी धीट असावं लागत नाही. किसन मास्तरांचे पाय त्या दिवशी घरी पोचेपर्यंत लटपटत होते.