बाबांची चार वाक्यं

“कट! आजोबा, उठायचं नाही हो!”

दिग्दर्शक तिसऱ्यांदा ओरडला आणि सेटवर पुन्हा खसखस पिकली. मी दिव्यांच्या मागे पर्स घट्ट धरून उभी होते. एकवीस वर्षांत बाबांना कॅमेऱ्यासमोर पहिल्यांदा बोलायला मिळालं होतं, आणि ते चक्क उठून उभे राहत होते!

सैन्यातून हवालदार म्हणून निवृत्त झालेल्या बाबांना सिनेमानं थेट कर्नल केलं. उंची, मिशा, ताठ मान. वर्दी चढवली की झालं काम. नकाशासमोर उभं राहायचं, नायकाचा सलाम घ्यायचा, तोंड मात्र उघडायचं नाही. घरी आम्ही पडद्याकडे बोट दाखवून ‘ते बघ, ते बघ’ म्हणेपर्यंत बाबा गायब! आज ते घड्याळं दुरुस्त करणारा म्हातारा झाले होते. तरुण कॅप्टन घरी येतो, मुलगा लढाईत कामी आल्याचं सांगतो आणि म्हातारा बसल्या जागी हंबरडा फोडतो. चार वाक्यं. आठवडाभर बाबांनी ती आंघोळ करताना, भाजी निवडताना इतक्यांदा म्हटली, की आईलाही पाठ झाली.

पण कॅप्टन झालेला पोरगा दारात आला, त्याच्या खांद्यावरचे तारे दिसले, की बाबा ताडकन उभे! टाचा जुळलेल्या, हात विजारीच्या शिवणीला.

“आता शेवटचा टेक,” दिग्दर्शक म्हणाला. “नाही जमलं तर ही वाक्यं शेजाऱ्याला देऊ.”

शेजारी झालेला नट लगेच घसा खाकरायला लागला. मेल्याला किती घाई!

मी धावत गेले. “बाबा, पाय खुर्चीच्या दांडीत अडकवा. आणि खांद्याकडे बघूच नका, त्याच्या तोंडाकडे बघा.”

“तोंडाकडे?”

“हो. पोरगा आहे तो. माझ्याहून लहान.”

क्लॅप वाजली. कॅप्टन आत आला, त्यानं बातमी सांगितली. बाबा हलले नाहीत! मला तर टाळ्याच वाजवाव्याशा वाटल्या. आता हंबरडा. पण बाबा त्याच्याकडे बघतच राहिले. मग त्यांनी हळूच शेजारचं स्टूल पुढे सरकवलं.

“बस बाळा. लांबून आलास. तुझी आई आहे ना रे घरी?”

यातलं एकही वाक्य त्या चारांत नव्हतं. मी कपाळाला हात लावला. पण ‘कट’ काही ऐकू येईना. पोरगा स्वतःचं बोलणं विसरला आणि खरंच स्टुलावर बसला. त्याचे डोळे भरून आले. माझंही तेच झालं होतं.

“कट! ओके! हाच ठेवायचा!” दिग्दर्शक उड्या मारतच आला. “आजोबा, हे सुचलं कुठून तुम्हाला?”

“सुचलं नाही. सैन्यात अशी बातमी घेऊन मलाच पाठवायचे. नऊ घरं केली. एका बापानं मला हेच विचारलं होतं.”

घरी त्यांनी हे कधीच सांगितलं नव्हतं. मला अभिमान वाटावा की रडू यावं, काही कळेना.

“मग तुम्ही बसलात?” पोरानं विचारलं.

“छे. ड्युटीवर होतो. उभाच राहिलो.”

पुढच्या शॉटसाठी हाका सुरू झाल्या. पोरगा उठायला लागला, तर बाबांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवून त्याला पुन्हा खाली बसवलं.