पोर झोपली होती

थोरली दातांच्या कवळ्या बनवायची. डॉक्टरांकडून हिरड्यांची मापं डब्यात घालून लॅबमध्ये यायची, ती त्यांत प्लास्टर ओतायची, साचा सुकला की त्यावर मेणाची हिरडी चढवायची आणि मग एकेक दात बसवायची. लग्न केलं नव्हतं. एकटी राहायची, आठवड्यातून दोनदा धाकट्या बहिणीला फोन करायची. त्या रविवारी दुपारी साडेतीनला फोन आला तो मात्र धाकटीच्या शेजाऱ्याचा. तो एवढंच म्हणाला की ताबडतोब या, बहिणीला लागलंय. किती लागलंय ते त्याने सांगितलं नाही, आणि तिनेही विचारलं नाही.

ती पोचली तेव्हा जिन्यात पोलीस होते. धाकटीचा नवरा तिसऱ्या मजल्याच्या पायरीवर गुडघ्यांवर हात टाकून बसला होता आणि एक हवालदार त्याला पाणी देत होता. हा माणूस वजनमापं तपासायच्या कचेरीत कामाला होता. इस्त्रीचा शर्ट, वेळेवर जाणं, वेळेवर येणं, बोलणं हळू. तो फौजदाराला सांगत होता की भांडण झालं, त्याने ढकललं, ती ओट्याच्या कडेवर आपटली आणि तिथेच गेली. तेच तो दुसऱ्यांदाही सांगत होता, त्याच शब्दांत.

स्वयंपाकघराच्या दारात थोरलीला अडवलं. तिला फक्त चादर दिसली, आणि चादरीबाहेर राहिलेली एक टाच.

भाची आतल्या खोलीत होती. कपाट आणि भिंत यांच्यामध्ये वीतभराहून जेमतेम थोडी जास्त जागा असेल, तिथे ती बसली होती. सहा वर्षांची. एरवी घरभर गरगर फिरायची म्हणून तिला सगळे भिंगरी म्हणायचे. तिच्या पायांत मोजे होते आणि एका पायात बूट. डोळे टक्क उघडे. थोरलीने तिला उचललं तशी तिने मानेत तोंड खुपसलं, पण रडली नाही.

दारातून फौजदाराने विचारलं, मुलगी कुठे होती?

"पोर झोपली होती," थोरली म्हणाली.

त्याने ते लिहून घेतलं. दमलेला माणूस होता, बुटाकडे त्याचं लक्ष गेलं नाही. थोरलीने काही ठरवून सांगितलं नव्हतं. तोंडातून निघालं, आणि निघाल्यावर ते तसंच राहू दिलं. पुढे कधी स्वतःला विचारलं तर ती म्हणायची की पोरीला कोर्टकचेरीत ओढायचं नव्हतं. ते खरंच होतं. पण पोर बोलली नाही तर पोरीने काही पाहिलंच नाही असं धरून चालता येत होतं, हेही तितकंच खरं होतं.

खटला उभा राहायलाच दोन वर्षं गेली. पुढची तीन तारखांत. थोरली लॅबमधून अर्धा दिवस रजा घ्यायची, कोर्टाच्या बाकावर बसायची, शिपाई पुकारा करायचा, आणि पाच मिनिटांत पुढची तारीख घेऊन ती परत यायची. लॅबचे मालक मन मोठं असलेले होते. म्हणायचे, "जा तुम्ही, बिनदाताची माणसं दोन दिवस थांबतील, कुठे पळून जातायत." ती हसायची. हसायचं असतं म्हणून.

सरकारी वकील तीन बदलले. प्रत्येकाला तिने पहिल्यापासून सगळं सांगितलं, आणि तिसऱ्या वेळेपर्यंत तिच्या बोलण्याला पाढ्यासारखी लय आली होती. ज्या शेजाऱ्याने फोन केला होता तो साक्षीत फिरला. आधी त्याने पोलिसांना सांगितलं होतं की किंकाळी ऐकू आली, मग शांत झालं, मग थोड्या वेळाने पुन्हा ऐकू आली. कोर्टात म्हणाला, भांडी पडल्याचा आवाज आला, बाकी आठवत नाही. त्याला त्याच इमारतीत राहायचं होतं आणि नवऱ्याचे भाऊ खालच्याच मजल्यावर होते. बाहेर व्हरांड्यात त्याने थोरलीची नजर चुकवली. तिला त्याचा रागही आला नाही.

डोक्याला दोन जखमा होत्या. डॉक्टरांनी सांगितलं की दुसरी जखम खाली घसरताना फरशी लागूनही होऊ शकते. होऊ शकते की झाली, असं सरकारी वकिलांनी विचारलं, तर डॉक्टर म्हणाले, नक्की सांगता येणार नाही.

थोरलीची उलटतपासणी सकाळी अकरा ते दीड चालली. आरोपीच्या वकिलाने आवाज चढवला नाही. घटनेच्या चार महिने आधी तुमची बहीण मुलीला घेऊन तुमच्याकडे आली होती, हे खरं का? खरं. किती दिवस राहिली? चार. मग बहिणीचे यजमान न्यायला आले, तुम्ही त्यांना चहा दिलात? दिला.

"आणि बहिणीची बॅग कोणी भरली?"

"मी."

"म्हणजे तिला त्या घरात धोका आहे, असं तुम्हालाही वाटत नव्हतं."

न्यायाधीशांनी साक्षीदार गप्प राहिली अशी नोंद घ्यायला सांगितली. धाकटीने त्या चार दिवसांत दंडावरचे वळ दाखवले होते. थोरली म्हणाली होती की एकदा नीट बोलून बघ. बॅगेत तिने भिंगरीचे कपडे खाली ठेवले आणि धाकटीचे वर, चुरगळू नयेत म्हणून.

निकाल लागला. खून सिद्ध होत नाही, सदोष मनुष्यवध होतो. सात वर्षं, त्यातली आधी भोगलेली वजा. वीस महिन्यांनी तो सुटला. सरकारी नोकरी गेली होती, पण शहराच्या दुसऱ्या टोकाला मालट्रक तोलायच्या काट्यावर त्याला काम मिळालं. सरकारने वरच्या कोर्टात अपील केलं होतं. ते दाखल झालं आणि नऊ वर्षं पडून राहिलं.

या सगळ्या काळात भिंगरी थोरलीकडे वाढली. फिरायचं तिने केव्हाच सोडलं होतं, नाव तेवढं चिकटून राहिलं. शहाणी मुलगी, असं सगळे म्हणायचे. ताटात टाकायची नाही, उलट बोलायची नाही, शाळेचं दप्तर आदल्या संध्याकाळीच भरून ठेवायची. आईविषयी दोघी बोलायच्या. आई कशी गायची, कशी बसस्टॉपवर कुणाशीही गप्पा मारत उभी राहायची. त्या रविवारविषयी मात्र अवाक्षर नाही. थोरलीला वाटायचं, पोर विसरली. तसं वाटून घेणं सोयीचं होतं.

भिंगरी वीस वर्षांची होती, एका दवाखान्यात एक्स-रे काढायला शिकत होती, तेव्हा अपिलाची तारीख लागली. अपील चालवणाऱ्या सरकारी वकीलबाईंनी जुन्या निकालाची प्रत मागवली. भिंगरीच ती कचेरीतून घेऊन आली आणि शनिवारी सकाळी स्वयंपाकघरात टेबलाशी बसून वाचू लागली. थोरली कप विसळत होती.

"मावशी, यात लिहिलंय की मी झोपले होते."

"हं."

"याबद्दल दोन्ही बाजूंत वाद नाही, असं लिहिलंय. हे कोणी सांगितलं त्यांना?"

"मी."

"तुला कोणी सांगितलं?"

थोरलीने नळ बंद केला. "कोणी नाही."

"मी झोपले नव्हते."

"माहितीये. तुझ्या पायात बूट होता."

भिंगरीने तिच्याकडे बराच वेळ पाहिलं. चेहऱ्यावर राग नव्हता. एक्स-रेच्या काचेवर काहीतरी शोधताना पाहावं, तसं ती पाहत होती.

"आई पडली, ते खरं आहे," ती म्हणाली. "तो सांगतो ते खोटं नाही. ढकललं आणि पडली. पण मावशी, आई उठली होती."

मग तिने सगळं सांगितलं. आई उठून स्टुलावर बसली, डोक्याला फडकं धरलं. दारात भिंगरी उभी होती. आई अगदी नेहमीच्या आवाजात म्हणाली की आत जा, मोजे घाल, बूट घाल, आपण मावशीकडे जायचंय. भिंगरी आत गेली. एक बूट घातला. दुसऱ्याच्या नाडीला गाठ बसली होती, ती सोडवून घ्यायला बूट हातात घेऊन ती परत दारात आली. तेव्हा त्याने आईचं डोकं दोन्ही हातांनी धरलं होतं. पुढचंही भिंगरीने सांगितलं, किती वेळा तेही, एकाच सुरात, मध्ये न थांबता. सांगून झाल्यावर ती पाणी प्यायली.

थोरली उभीच होती. आपल्याला काय होतंय ते तिला कळेना. काहीच होत नव्हतं. हातातला कप तिने पालथा घातला आणि विचारलं, "इतकी वर्षं का नाही बोललीस?"

"मला कोणी विचारलं नाही. मला वाटलं, तुला सगळं माहीत आहे."

वकीलबाईंनी ऐकून घेतलं आणि स्पष्ट सांगितलं. अपिलात नवा साक्षीदार आणायला परवानगी क्वचित मिळते. मिळाली तर समोरचे म्हणणार की मावशीने पढवलंय. आणि मावशींना आधी लिहून द्यावं लागेल की त्या पोलिसांशी खोटं बोलल्या. ते तुमच्यावर शेकू शकतं, कळतंय ना? थोरली म्हणाली, कळतंय, कुठे सही करायची ते दाखवा.

परवानगी मिळाली. दोघींची साक्ष लागोपाठ दोन दिवस झाली. आधी थोरली. आरोपीचा वकील आता म्हातारा झाला होता, पण आवाज तसाच, न चढणारा.

"बाई, तुम्ही तेव्हा खोटं बोललात की आता बोलताय?"

"तेव्हा."

"कशावरून मानायचं?"

"तेव्हा ते कोणी खोडून काढलं नाही, म्हणून तसंच राहिलं," ती म्हणाली. हे उत्तर होत नाही हे तिला बोलतानाच कळलं.

भिंगरीने मात्र घरात सांगितलं होतं तसंच सांगितलं. वकिलाने विचारलं, फडकं कोणत्या रंगाचं होतं? ती म्हणाली, आठवत नाही. खिडकी उघडी होती का? आठवत नाही. चौदा वर्षांपूर्वीचं फडकं आठवत नाही, आणि बाकी सगळं आठवतं? ती म्हणाली, हो. तिचा बाप मागच्या बाकावर बसला होता, केस विरळ झालेले, शर्ट इस्त्रीचा. आई उठली होती हे तिने सांगितलं तेव्हाही त्याने मान वर केली नाही. बोटाने तो पँटीच्या गुडघ्यावरचा एक डाग खरवडत होता.

निकाल चार महिन्यांनी आला. वकीलबाईंनी त्यांना समजेल असा करून सांगितला. साक्षीदार प्रामाणिक असावी असं न्यायालयाला वाटतं, पण सहाव्या वर्षी पाहिलेलं विसाव्या वर्षी सांगितलेलं, तेही मृत स्त्रीच्या बहिणीच्या घरात वाढून, त्यावर आरोपीची शिक्षा वाढवणं धोक्याचं होईल. अपील फेटाळलं. थोरलीच्या खोटं बोलण्यावर चार ओळी होत्या. तिची भावना समजण्यासारखी आहे, पण त्यामुळे तपासाचं न भरून येणारं नुकसान झालं. कारवाई मात्र काही नको. थोरलीने त्या चार ओळी वकीलबाईंना पुन्हा वाचायला सांगितल्या. त्यांत तिला एकही शब्द चुकीचा वाटला नाही.

आणखी वर जाता येईल, वकीलबाई म्हणाल्या. भिंगरी म्हणाली, नको.

बाहेर जिन्यात गर्दी होती. भिंगरी पुढे गेली. थोरली कठड्याला धरून एकेक पायरी उतरत होती, आणि वळणावर तो समोर आला. एकटाच होता. दोघांमध्ये दोन पायऱ्यांचं अंतर. या क्षणाची तिने किती वर्षं तयारी केली होती. लॅबमध्ये मेणात दात बसवताना ती मनात वाक्यं जुळवायची, त्याला अरे-तुरे करून, शिव्या घालून. आता त्यातलं एकही सापडेना. तो थांबला होता. ती काहीतरी बोलणार हे त्यालाही कळलं असावं.

"तुमच्या बुटाची नाडी सुटलीय," ती म्हणाली.

त्याने खाली पाहिलं. मग वाकला आणि बांधायला लागला. वरून तिला त्याचं टक्कल दिसलं, पांढुरकं, लहान मुलाच्या टाळूसारखं. ती बाजूने उतरून गेली. शेवटच्या पायरीवर तिच्या लक्षात आलं की आपण त्याला अहो-जाहोच केलं, पूर्वी चहा देताना करायचो तसंच.

बसमध्ये दोघींना शेजारी जागा मिळाली. भिंगरीने विचारलं, "काय बोललीस त्याच्याशी?"

थोरलीने सांगितलं.

भिंगरीने खिडकीबाहेर पाहिलं. "सांगायला नको होतंस," ती म्हणाली.

"हो," थोरली म्हणाली. "नको होतं."

मग भिंगरीने विचारलं की दवाखान्यातल्या मैत्रिणींबरोबर खोली घेऊन राहायचा ती विचार करतेय, पुढच्या महिन्यापासून, चालेल का? थोरली म्हणाली, चालेल. खोलीला ऊन येतं का, आणि खाली दुकान आहे का, ते विचारलं. भिंगरी म्हणाली, ऊन येतं, दुकान थोडं लांब आहे.

लॅबपाशी थोरली उतरली. तिथे तिच्या टेबलावर सकाळी आलेले तीन डबे होते, वरच्या जबड्याचे दोन आणि खालचा एक. तिने ॲप्रन बांधला, वाडग्यात प्लास्टर घेतलं आणि त्यात पाणी घातलं. कालवल्यावर ते फार वेळ ठेवता येत नाही, लगेच ओतावं लागतं.