साहविरा बोलली ते

आमच्या गावच्या आजीची, अम्बुया वेरोनिकाची शवपेटी खड्ड्याच्या काठावर ठेवली होती आणि पक्षाचे जिल्हाध्यक्ष कॉम्रेड मुसेकिवा माईकवरून धडधडीत खोटं बोलत होते. म्हातारीचा एकुलता एक मुलगा तापेरा गोऱ्यांच्या गोळीनं शहीद झाला, अशा वीरमातेला आज देश वंदन करतो आहे, वगैरे. आम्ही सगळे माना खाली घालून ऐकत होतो. तापेराला गोऱ्यांनी मारलं नव्हतं हे तिथं प्रत्येकाला ठाऊक होतं. स्वातंत्र्ययुद्धात आपल्याच लढवय्यांनी त्याला फितूर ठरवलं आणि गावासमोर काठ्यांनी बडवून मारलं. तेव्हाही आम्ही असेच माना खाली घालून बसलो होतो.

पुढच्या चटईवर रातिद्झो तेते, म्हणजे आमच्या आत्या, बसल्या होत्या. आमच्याच गावच्या, हरारेच्या विद्यापीठात जन्मभर इतिहास शिकवलेल्या. गोऱ्यांनी चांगली जमीन बळकावून आम्हाला या खडकाळ टेकड्यांवर कसं हाकललं, झोपडीझोपडीवर कर कसा बसवला, युद्धात गावंच्या गावं तारेच्या कुंपणात कशी कोंडली, हे त्यांनी म्हाताऱ्यांच्या पायाशी बसून ऐकलं आणि लिहिलं. तेव्हा याच मुसेकिवांनी त्यांना डोक्यावर घेतलं होतं. मग त्यांनी तापेराविषयी लिहिलं, आणि रातोरात त्या गोऱ्यांच्या पैशावर जगणाऱ्या झाल्या. त्यांची व्याख्यानं बंद पडली. प्रकाशकानं पुस्तकातलं ते प्रकरण परत पाठवलं. म्हणे, ते मारणं पाहिलेला एकही माणूस स्वतःच्या नावानं बोलत नाही. अम्बुया बोलली होती, पण ती पडली आई. आईचं कोण ऐकतं?

बोलू शकेल असा एकच माणूस उरला होता, सेकुरु झेफानिया, नात्यानं तेतेंचा मामा. युद्धात तो लढवय्यांचे निरोप पोचवायचा, आणि फितूर म्हणून तापेराचं नाव त्यानंच दिलं असा सगळ्यांना संशय होता. तेते दर सुट्टीत त्याच्या अंगणात जाऊन बसायच्या. तो भाजलेले शेंगदाणे पुढे करायचा आणि शेळ्यांच्या गोष्टी सांगायचा.

आणि अम्बुयानं शेवटच्या आजारात तेतेंपाशी काय मागितलं होतं? माझा मुलगा फितूर नव्हता, एवढं एकदा चारचौघांत कुणीतरी बोला. बास.

मुसेकिवा झेंडा उलगडायला लागले तशा तेते उठल्या आणि स्वयंपाकाच्या झोपडीत गेल्या. बाहेर आल्या त्या अम्बुयाचा निळा झगा घालून, तिचा रुमाल बांधून, तिच्यासारख्याच कमरेत वाकून. बायका खुदखुदल्या. तेतेंचं घराणं अम्बुयाच्या घराण्याचं साहविरा आहे. पिढ्यानपिढ्यांची ही मैत्री. मयताच्या दिवशी साहविरानं मेलेल्याची नक्कल करावी, कुणाचीही भीड न ठेवता बोलावं, आणि कुणी रागवायचं नाही, अशी आमच्याकडची रीत. मात्र तिथं बोललेलं तिथंच राहायचं. ते ना कोर्टात जातं, ना पुस्तकात.

"ए मुसेकिवा, तो भोंगा खाली ठेव," तेते हुबेहूब म्हातारीच्या आवाजात म्हणाल्या. "मी मेले आहे, बहिरी नाही झालेली."

सगळे हसले. मुसेकिवाही हसले.

"माझं पोर गोऱ्यांनी मारलं म्हणतोस? माझ्या हातचा मक्याचा साड्झा खाऊन, माझ्या कोंबड्या खाऊन तुमच्याच माणसांनी मारलं त्याला. तेव्हा तो फितूर होता. आज मला झेंड्यात गुंडाळायचंय, तर तो शहीद झाला. एकाच पोराला किती वेळा मारता रे?"

आता कुणी हसलं नाही. मुसेकिवांचं तोंड उतरलं, पण साहविरावर रागवायची सोय नव्हती. झेंडा हातात तसाच धरून ते मागे सरले. मला खरं सांगायचं तर फार बरं वाटलं.

आणि मग झेफानिया उठला. तेतेंपुढे उकिडवा बसला आणि ओंजळीचे तळवे हळूहळू वाजवू लागला, थोरांपुढे वाजवतात तसे.

"अम्बुया," तो म्हणाला, "तापेरानं काही केलं नव्हतं. एका मुलीवरून आमचं वाकडं होतं. मी त्याचं नाव घेतलं."

तेतेंनी म्हातारीचा आवाज टाकला. त्या ताठ उभ्या राहिल्या.

"सेकुरु, इतकी वर्षं तुमच्या दारात येतेय मी. इथं बोललेलं मला लिहिता येत नाही."

"ठाऊक आहे, पोरी. म्हणून तर इथं बोललो."

त्या म्हाताऱ्याचं नरडं धरावं असं मला वाटलं. आम्ही सगळ्यांनी ऐकलं होतं आणि आमच्यातला एकही त्याबद्दल पुन्हा बोलणार नव्हता. तेतेंना ते आमच्याहून जास्त कळत होतं. त्यांनी डोक्यावरचा रुमाल घट्ट केला, पुन्हा कमरेत वाकल्या आणि अम्बुयाच्या आवाजात म्हणाल्या, "झेफानिया, फावडं घे."

पेटी खाली सोडली. झेफानिया माती ओढू लागला. दोनदा त्याला धाप लागली, दोनदा त्याचा मुलगा फावडं घ्यायला पुढे आला. खड्डा भरेपर्यंत तेतेंनी ते दुसऱ्या कुणाच्या हाती जाऊ दिलं नाही.